इंटर्न, सुपरवायझर आणि तो सही न केलेला फॉर्म: एका अनोळखी इरॉटिक ड्रामाबद्दल (स्पॉयलर आहेत)

रातपाळी

इरॉटिक ड्रामा म्हटलं की दोनच प्रकारचे लोक बोलायला येतात. एक, ज्यांना फक्त "सीन किती आहेत" एवढंच हवं असतं, आणि दुसरे, ज्यांना असल्या सिनेमाचं नाव काढलेलंही खपत नाही. मला या दोन्हीच्या मधली चर्चा हवी आहे म्हणून धागा काढतेय.

सिनेमा अमेरिकन आहे, अगदी छोट्या बजेटचा, पाठीशी स्टुडिओ वगैरे कोणी नाही. नाव मुद्दाम देत नाहीये, कारण शीर्षक इतकं सरधोपट आहे की सर्चमध्ये टाकलं तर हा सिनेमा सोडून नको ते सगळं समोर येतं. ज्यांना हवंय त्यांनी व्यनि करा, लिंक देते.

गोष्ट थोडक्यात: आर्किटेक्टचं ऑफिस. पंचविशीची मुलगी, मास्टर्स करतेय, एका सेमिस्टरपुरती इंटर्न म्हणून येते. बिनपगारी, फक्त विद्यापीठाचं क्रेडिट, म्हणजे अभ्यासक्रमातले गुणांक, मिळणार. तिचा सुपरवायझर चाळिशीतला, मालक नव्हे, मधल्या फळीतला माणूस, त्याच्या स्वतःच्या बढतीचं घोडं अडलेलं. दोघांमध्ये जे काही सुरू होतं ते कोणी सुरू केलं हे सिनेमा शेवटपर्यंत सांगत नाही.

एक सीन सांगते ज्यासाठी मी हा सिनेमा कुणालाही बघायला लावेन. काचेची मीटिंग रूम, रात्र. तो तिचा मिड-टर्मचा इव्हॅल्युएशन फॉर्म भरतोय, ती समोर बसलीये. दिवे सेन्सरवाले, कुणी हललं नाही की आपोआप बंद होणारे. तो एकेक रकाना मोठ्याने वाचतो, पुढाकार, वक्तशीरपणा, सूचना स्वीकारण्याची तयारी, आणि प्रत्येक रकान्यावर थांबून तिच्याकडे बघतो. दोघंही इतके स्तब्ध की दिवा जातो. काळोखात फक्त एसीचा आवाज. ती हात वर करते, दिवा लागतो, तो लिहायला लागतो. परत दिवा जातो, परत ती हात वर करते. तिसऱ्यांदा ती हात वर करत नाही.

बस्स. कोणी कोणाला हात लावलेला नाही, आणि तरी अख्ख्या सिनेमात याच्याइतकं तापलेलं दुसरं काही नाही.

माझे प्रश्न दोन. हा सिनेमा इच्छेबद्दल आहे की छळाबद्दल? आणि शेवटी ती फायनल फॉर्मवर सही का करत नाही? मी दोनदा बघितला, मला वाटतं तो दोन्हींबद्दल आहे आणि हीच त्याची ताकद आहे. पण सहीचं कोडं काही सुटत नाहीये.

---

खिडकीपाशी

रुमाल टाकून ठेवते. बघून मग लिहीन.

---

मधलीसुट्टी

आमच्या ऑफिसातही सेन्सरचे दिवे आहेत. रोज अंधारात बसतो, पण कारण वेगळं, कोणी कामच करत नाही 😀

---

तिसरा_पडदा

विषय जिव्हाळ्याचा! हा प्रकार नवा नाहीये मंडळी. १९३३ सालचा 'बेबी फेस' कोणी बघितलाय का? बार्बरा स्टॅनविक. बँकेत नोकरीला लागते आणि एकेका साहेबाला गाठत वरच्या मजल्यावर जात राहते. आणि हे दाखवलंय कसं, तर प्रत्येक बढतीला कॅमेरा इमारतीच्या बाहेरून एकेक मजला वर सरकतो, खिडकीवर खात्याचं नाव. बंद दाराआड काय झालं ते बघायची गरजच नाही, मजला बदलला म्हणजे समजायचं. सेन्सॉरने त्यातही कापाकापी करायला लावली होती आणि मूळ न कापलेली प्रत थेट २००४ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संग्रहात सापडली. पुढच्याच वर्षी, १९३४ मध्ये, हेज कोड, म्हणजे सिनेमात काय दाखवायचं नाही याची हॉलिवूडची नियमावली, कडक झाला आणि हा सगळा मोकळेपणा तीसेक वर्षं बासनात गेला.

रातपाळी तुम्ही सांगितलेला सेन्सरचा सीन त्याच घराण्यातला वाटतोय. ऑफिसातली एखादी रुक्ष वस्तूच सगळं सांगून जाते. मला वाटतं ऑफिसवरच्या इरॉटिक सिनेमाची खरी कसोटी हीच, की त्यात ऑफिस दिसतं का. नाहीतर टाय आणि टेबल असलेली बेडरूमच असते ती.

---

पाणकोंबडी

मी बघितलाय हा. आणि मला अजिबात आवडला नाही, स्पष्टच सांगते.

दिवा, फॉर्म वगैरे सगळं ठीक आहे पण तासाभरानंतर काय होतं? कॅमेरा सगळा वेळ तिच्यावर. तिची मान, तिची पाठ, तिचे ओठ. त्याचा शर्टसुद्धा निघत नाही. असमान सत्ता दाखवायची म्हणे! मग कॅमेराही त्याच सत्तेच्या बाजूने उभा आहे त्याचं काय? पोस्टरवर तिची उघडी पाठ आहे, त्याचा चेहराही नाही. विकताना देह विकायचा आणि मुलाखतीत संमतीवर बोलायचं, ही चलाखी आपण किती दिवस चालवून घ्यायची?

आणि शेवटी सही का करत नाही हा प्रश्नच मला पडला नाही, कारण माझ्यापुरता सिनेमा ती लिफ्टमध्ये शिरते तिथेच संपला.

---

रातपाळी

@पाणकोंबडी, लिफ्टनंतर तर फॉर्मचा अख्खा सीन आहे की! पोस्टरबद्दल शंभर टक्के सहमत. पण पोस्टर बऱ्याचदा वितरक बनवतो, दिग्दर्शकाला विचारतही नाहीत.

---

सरळरेघ

मी आर्किटेक्ट, त्यामुळे हा सिनेमा मला दाखवला गेला तेव्हा मी आधी ड्रॉइंग्जच बघत बसलो. ऑफिस खरं वाटतं. मॉडेल वर्कशॉपमध्ये फोम कापताना ती सुरीचं पातं बदलते तो शॉट ज्याने कोणी घेतला त्याने हे काम जवळून पाहिलंय. बोथट पात्याने फोम फाटतो, हे बाहेरच्याला सुचणार नाही.

पण एक गोष्ट खटकली. तिचं टेम्पररी ॲक्सेस कार्ड संध्याकाळी सहानंतर चालत नाही आणि मग ती आत अडकते असं दाखवलंय. असं नसतं. बाहेर पडायला कार्ड लागतच नाही, आगीच्या नियमांमुळे बाहेरचा रस्ता मोकळा ठेवावा लागतो. कार्ड लागतं ते आत यायला.

---

शेवटचीरीळ

@सरळरेघ, परत बघा. ती अडकत नाही. ती कॉरिडॉरमधल्या वॉशरूमला जाते आणि परत आत येता येत नाही. तिची बॅग, फोन, कोट सगळं आत. काचेतून तो दिसतोय, हेडफोन लावून बसलेला. ती काचेवर टकटक करते, आधी बोटाने, मग अंगठीने. तो मान वर करतो आणि लगेच उठत नाही. मी घड्याळ लावून बघितलं नाही पण एडिटर म्हणून सांगतो, तो शॉट नेहमीच्या शॉटपेक्षा बराच लांब ठेवलाय आणि मध्ये कट नाही. कट मारला असता तर आपल्याला वाटलं असतं तो लगेच उठला. न मारल्यामुळे आपणही तिच्याबरोबर दाराबाहेर उभे राहतो. आणि हो, इथे कॅमेरा तिच्या बाजूला आहे @पाणकोंबडी, काचेच्या बाहेर.

---

सरळरेघ

हे मान्य! आणि हे तर जास्तच भारी आहे. तिला कोणी कोंडलेलं नाही, ती केव्हाही जाऊ शकते, फक्त बॅग सोडून जावी लागेल.

---

मधलीसुट्टी

"केव्हाही जाऊ शकतेस, फक्त बॅग इथे राहील." नोकरीची व्याख्याच केलीत की राव तुम्ही.

---

कागदीघोडा

मी एचआरमध्ये आहे, एका अमेरिकन कंपनीच्या पॉलिसी टीमबरोबर काम करते, त्यामुळे रातपाळीच्या पहिल्या प्रश्नावर थोडं लांबलचक लिहिते, सांभाळून घ्या.

"तिची इच्छा होती की नाही" हा प्रश्न सगळे विचारतात, पण अमेरिकेत कायद्याने तो प्रश्न बराच आधी बदलला. १९८६ साली त्यांच्या सुप्रीम कोर्टाने एका बँक कर्मचारी बाईच्या खटल्यात, मेरिटर सेव्हिंग्ज बँक विरुद्ध व्हिन्सन, असं म्हटलं की ती साहेबाबरोबर "स्वेच्छेने" गेली होती, म्हणजे कोणी बळजबरी केली नव्हती, एवढं सांगून सुटका होत नाही. बघायचं ते हे की त्याचं ते वागणं तिला हवंसं होतं का नकोसं. हे दोन प्रश्न वेगळे आहेत. माणूस नकोशा गोष्टीलाही स्वतःच्या पायाने चालत जातो, कारण नोकरी टिकवायची असते. त्याच निकालात मात्र तिचे कपडे आणि बोलणं पुरावा म्हणून बघता येईल असंही म्हटलं गेलं, आणि त्यावर टीका झाली ती योग्यच होती असं माझं मत.

आता या सिनेमातली मुलगी. तिला तो हवा आहे हे दिसतं. मी नाकारणार नाही, दिग्दर्शकाने ते प्रामाणिकपणे दाखवलंय, ती त्याच्या मेलची वाट बघते, त्याचा कप उचलून धुते. पण तिला त्याच्याकडून चांगला शेरा पण हवा आहे. दोन्ही हवं असणं एकाच माणसाकडून, आणि कुठलं कुठे संपतं हे तिला स्वतःलाच कळत नाही. माझ्या टेबलावर आलेल्या तक्रारींमध्ये हे वाक्य मी वेगवेगळ्या तोंडून ऐकलंय, "मला तेव्हा नक्की काय हवं होतं मलाच माहीत नाही". चौकशी समितीला हे वाक्य आवडत नाही, त्यांना हो किंवा नाही हवं असतं. सिनेमाला ते वाक्य पूर्ण दीड तास धरून ठेवता आलं म्हणून मला तो महत्त्वाचा वाटतो.

---

निळीशाई

कागदीघोडा, तुमचा प्रतिसाद वाचून लिहावंसं वाटलं. वाचनमात्र असते नेहमी.

मी इंटर्न असताना माझ्या साहेबाने मला कधी हातही लावला नाही, एक शब्द वावगा बोलला नाही. फक्त सगळ्यांसमोर इतकं कौतुक करायचा, माझ्या अर्धवट ड्राफ्टला मीटिंगमध्ये "हे बघा असं काम करतात" म्हणायचा, की हळूहळू बाकीच्यांनी माझ्याशी बोलणं बंद केलं. आणि मग संध्याकाळी उशिरा फक्त तोच उरायचा बोलायला. मला तेव्हा छान वाटायचं, खोटं कशाला बोलू. पुढे मला खरंच काम येतं का हेच मला बरीच वर्षं कळेनासं झालं. प्रत्येक चांगल्या शेऱ्यावर वाटायचं, हा कशासाठी?

सिनेमात तिची ती मैत्रीण, दुसरी इंटर्न, हळूहळू जेवायला बोलवायची बंद होते ना, ते मला त्या दिव्याच्या सीनपेक्षा जास्त लागलं. त्यावर कोणी काही बोलत नाहीये.

---

रातपाळी

@निळीशाई, लिहीत जा. त्या मैत्रिणीला तर नावही दिलेलं नाही श्रेयनामावलीत, "दुसरी इंटर्न" एवढंच आहे. आणि तिला एकही खोचक डायलॉग दिलेला नाही, ती फक्त खुर्ची थोडी वळवून बसायला लागते.

---

आडनाव_नको

मला एक कळत नाही, इंटर्नच का? साधी कनिष्ठ कर्मचारी दाखवली असती तर काय फरक पडला असता?

---

कागदीघोडा

खूप फरक पडला असता. नोकरदाराला निदान नोकरदार म्हणून हक्क असतात. २०१३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये एका बिनपगारी इंटर्न मुलीने साहेबाविरुद्ध छळाचा दावा केला तर फेडरल न्यायाधीश म्हणाले, शहराच्या मानवी हक्क कायद्याखाली तिला या तक्रारीचा दावा करता येणार नाही, कारण तिला पगार नव्हता म्हणजे ती कर्मचारीच नव्हती! पुढच्या वर्षी, २०१४ मध्ये, शहराने कायदा बदलून इंटर्नना त्यात घेतलं. म्हणजे तोवर पगार नाही तर संरक्षणही नाही, असा हिशोब.

---

आडनाव_नको

बाप रे. हे माहीत नव्हतं.

---

तिसरा_पडदा

आणि सिनेमावाल्यांनी इंटर्नवर सिनेमा काढायचा तर स्वतःचं घरही बघायला हवं. 'ब्लॅक स्वान' आठवतो ना, नताली पोर्टमन. त्या सिनेमावर काम केलेल्या दोन बिनपगारी इंटर्ननी २०११ मध्ये फॉक्स सर्चलाइट या सिनेमा कंपनीवर केस केली होती, म्हणणं एवढंच की आम्ही शिकत नव्हतो, कॉफी आणत होतो, झेरॉक्स काढत होतो, म्हणजे कामगारच होतो, पगार द्या. २०१३ मध्ये खालच्या कोर्टाने त्यांच्या बाजूने निकाल दिला, २०१५ मध्ये वरच्या कोर्टाने तो रद्द करून नवी कसोटी लावली, की या व्यवस्थेचा मुख्य फायदा कोणाला होतोय, इंटर्नला का कंपनीला.

आता हीच कसोटी या सिनेमातल्या नात्याला लावून बघा. मुख्य फायदा कोणाला होतोय?

---

पाणकोंबडी

फायदा निर्मात्याला होतोय, अजून कोणाला 😏

गंमत सोडा, पण मी मुद्द्यावर ठाम आहे. हे कायदे, कोर्ट सगळं तुम्ही बाहेरून आणताय. सिनेमात आहे का ते? सिनेमात आहे तो बाईचा देह. आणि २०२४ च्या 'बेबीगर्ल'चं उदाहरण घ्या, हलिना रेनचा. तिथे निकोल किडमन कंपनीची सीईओ आणि इंटर्न पुरुष, उलटं केलंय सगळं. तो बारमध्ये तिच्यासाठी दुधाचा ग्लास पाठवतो आणि ती सगळ्यांदेखत तो संपवते. सत्ता कोणाकडे आहे हा प्रश्न तिथे दर दहा मिनिटांनी पालटतो. किडमनला व्हेनिसला अभिनयाचं पारितोषिक मिळालं ते काय उगाच नाही. तिथे मला कॅमेऱ्याचा राग आला नाही. इथे आला.

---

शेवटचीरीळ

'बेबीगर्ल' मोठा सिनेमा आहे, त्यामागे ए-ट्वेंटीफोर ही सिनेमा कंपनी होती, थिएटर मिळाली, जाहिरात झाली. या छोट्या सिनेमांचं दुखणंच वेगळं. अमेरिकेत रेटिंग घेणं कायद्याने सक्तीचं नाही, पण फी भरून घेतलं आणि एनसी-१७, म्हणजे फक्त प्रौढांसाठी, मिळालं तर अनेक थिएटर साखळ्या लावत नाहीत. ही एनसी-१७ कॅटेगरी १९९० मध्ये आणली तीच मुळात आधीचं प्रौढांसाठीचं एक्स रेटिंग बदनाम झालं म्हणून. एक्सचा ट्रेडमार्क घेतलाच नव्हता, त्यामुळे पॉर्नवाल्यांनी स्वतःच आपल्या सिनेमांवर एक एक्स, तीन एक्स लावायला सुरुवात केली. त्याआधी 'मिडनाइट काऊबॉय'ला एक्स असूनही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं होतं, आज विश्वास बसत नाही. नवीन नाव देऊनही फार काही सुधारलं नाही, वर्तमानपत्रं जाहिरात घेईनात, ब्लॉकबस्टरसारखी व्हिडिओ दुकानं कॅसेट ठेवीनात.

मग छोटा निर्माता काय करतो? एक तर रेटिंगच घेत नाही, किंवा दोन व्हर्जन काढतो, एक सौम्य, एक पूर्ण. आणि दोन्ही वेगवेगळ्या प्लॅटफॉर्मवर एकाच नावाने फिरत राहतात.

आता मला एक शंका येतेय. @पाणकोंबडी, तुमच्या व्हर्जनमध्ये वॉशरूमवरून परत येतानाचा काचेचा सीन होता का? आणि लिफ्टनंतर फॉर्म?

---

पाणकोंबडी

काचेचा सीन होता पण तो पटकन येऊन दार उघडतो. लांब शॉट वगैरे नव्हता. लिफ्टनंतर श्रेयनामावली.

---

शेवटचीरीळ

आलं लक्षात! तुम्ही छोटा कट बघितलाय, पूर्ण व्हर्जनपेक्षा सात-आठ मिनिटं कमी आहे. आणि गंमत म्हणजे कापलंय ते नग्नतेचं काहीच नाही, ते सगळं जसंच्या तसं ठेवलंय. कापलंय ते थांबणं. वाट बघणं, काचेबाहेर उभं राहणं, फॉर्म. कोणीतरी वितरकाने ठरवलं की प्रेक्षक देह बघायला आलाय, बाकीचं काढा. मला हे बघून खरंच त्रास होतो, कारण अशा सिनेमात सगळा अर्थ त्या थांबण्यातच भरलेला असतो. ते काढलं की उरतं तेच ज्याबद्दल तुम्ही चिडलात.

---

पाणकोंबडी

मग माझा राग त्या वितरकावर धरा. पूर्ण व्हर्जनची लिंक द्या रातपाळी, बघते. पण पोस्टरवरचं म्हणणं मागे घेत नाही!

---

मधलीसुट्टी

धाग्यावर पाच दिवस लोक दोन वेगवेगळ्या सिनेमांवर भांडत होते. हे फक्त मराठी माणूसच करू शकतो.

---

गच्चीवरून

मी नाटकात काम करते, थोडं पडद्यावरही केलंय, म्हणून एक वेगळी बाजू.

असे सीन शूट कसे होतात हे बघणाऱ्याला माहीत असायला हवं. आता इंटिमसी कोऑर्डिनेटर असतात, म्हणजे जवळिकीचे सीन कलाकारांच्या संमतीने आधी ठरवून बसवणारी माणसं. एचबीओने २०१८ मध्ये 'द ड्यूस'साठी ॲलिशिया रोडिस यांना घेतलं, तेही मालिकेतल्या एमिली मीड या अभिनेत्रीने मागणी केली म्हणून, आणि मग हळूहळू पद्धत पडली. सॅग-आफ्ट्रा या कलाकारांच्या संघटनेने २०२० मध्ये त्याचे नियम छापले. कोणाचा हात कुठे, किती वेळ, कुठे नाही, हे आधी ठरतं, लेखी असतं, सेटवर गरजेपुरतीच माणसं राहतात, आणि कलाकार ऐनवेळी नाही म्हणू शकते.

याआधी काय व्हायचं तेही सांगते. एका छोट्या सिनेमात मला दिग्दर्शक म्हणाला, "तुम्ही दोघं आत जा, जे सुचेल ते करा, मला खरं हवंय." खरं म्हणजे काय? मी नवखी, समोरचा कलाकार मोठा, दिग्दर्शक मला पहिली संधी देणारा. आता बघा, मी तिथे कोण होते? मी इंटर्नच होते की! सिनेमातल्या त्या मुलीसारखीच, शेरा देणारा माणूस समोर बसलेला आणि दिवा घालवायचा की लावायचा ते माझ्यावर. मी त्या दिवशी "आधी ठरवूया" म्हणाले आणि सगळ्यांचे चेहरे उतरले, पण सीन ठरवूनच झाला आणि चांगला झाला.

या सिनेमाच्या पूर्ण व्हर्जनच्या शेवटी श्रेयनामावलीत इंटिमसी कोऑर्डिनेटरचं नाव आहे. एवढ्या कमी बजेटमध्ये त्यासाठी पैसे काढले हे मला आवडलं. आणि तो दिव्याचा सीन तर ठरवल्याशिवाय होणारच नाही, सेन्सर खरा असेल तर दोघांना पापणीसुद्धा जपून हलवावी लागली असेल.

---

सरळरेघ

पापणीने नाही लागत हो, पण मान वळवली तरी लागू शकतो 🙂 सेन्सर कुठे बसवलाय त्यावर आहे. मला वाटतं दिवा हाताने चालू-बंद केला असणार, बाहेर कोणीतरी स्विचपाशी उभा असेल.

---

आडनाव_नको

एक इंटर्न उभा असेल.

---

मधलीसुट्टी

बिनपगारी.

---

रातपाळी

😂😂 पण मंडळी, माझी सही राहिली! दुसरा प्रश्न तसाच आहे.

---

तिसरा_पडदा

माझं वाचन असं: सही केली की इंटर्नशिप संपली. तिला संपवायचं नाहीये. फॉर्म अपुरा ठेवला की निदान कागदावर तरी ती अजून तिथेच आहे. मला तो विरहाचाच सीन वाटला.

---

खिडकीपाशी

आले. बघितला, पूर्ण व्हर्जन.

तिसरा_पडदा, विरह नाही वाटला मला. ती फॉर्म वाचते तेव्हा आधी शेवटचं पान उघडते, आकडे बघायला. सगळीकडे पाच. मग ती पहिल्या पानावर येते आणि प्रत्येक रकान्याखालचा शेरा वाचायला लागते आणि तिथे चेहरा पडतो. कारण शेरे गुळगुळीत आहेत, कुठल्याही इंटर्नला चालतील असे. तिने वर्कशॉपमध्ये रात्र रात्र बसून केलेल्या मॉडेलचा एका ओळीनेही उल्लेख नाही. त्याने तिचं काम बघितलंच नव्हतं, सेमिस्टरभर. तो तिलाच बघत होता.

हे कळल्यावर सही कोण करेल?

---

निळीशाई

खिडकीपाशी, काय लिहिलंत. अगदी हेच.

---

कागदीघोडा

यात एक व्यावहारिक गोष्ट जोडते. अशा क्रेडिटच्या इंटर्नशिपमध्ये बऱ्याच ठिकाणी सुपरवायझर आणि विद्यार्थी दोघांची सही झाल्याशिवाय फॉर्म पुढे जात नाही, आणि या सिनेमात तर ऑफिसातली बाई सुरुवातीलाच तिला ते बजावून सांगते, "दोन्ही सह्या नसतील तर विद्यापीठ घेणार नाही". म्हणजे सही नाही तर क्रेडिट नाही. पगार तर नव्हताच. अख्खं सेमिस्टर पाण्यात. ती हे सगळं माहीत असून सोडून देतेय, म्हणून तो निर्णय माझ्या लेखी फार मोठा आहे. तक्रार ती करत नाही, त्याला सुनावत नाही, रडत नाही. फक्त त्याच्या हातून मिळालेले ते पाच घ्यायला नकार देते.

---

तिसरा_पडदा

हे पटण्यासारखं आहे, पण मग ती परत वळून त्याच्या केबिनकडे का बघते? तेवढ्यासाठी माझा विरह मी राखून ठेवतो.

---

सरळरेघ

केबिनकडे नाही बघत! प्लॅन डोळ्यासमोर आणा. ती रिसेप्शनपाशी उभी आहे, केबिन तिच्या डावीकडे आणि उजवीकडे वर्कशॉप. ती उजवीकडे बघते. आणि पुढच्याच शॉटमध्ये ती वर्कशॉप सांभाळणाऱ्या त्या वयस्कर बाईच्या टेबलापाशी आहे, जिने तिला पातं बदलायला शिकवलं होतं. संवाद ऐकू येत नाही, पण ती बाई चष्मा लावून मॉडेल फिरवून फिरवून बघतेय, एका कोपऱ्यावर बोट ठेवून काहीतरी चूक दाखवतेय. क्रेडिट जाऊ दे, त्या बाईने शिफारसपत्र दिलं तर ते कामाचं असेल. माझ्या मते ती तेच मागायला गेलीये.

---

रातपाळी

चूक दाखवतेय! हो, बरोबर, आणि ती हसतेय त्यावर. पूर्ण सिनेमात तिचं काम कोणीतरी नीट बघून त्यातली खोट काढतंय असा हा पहिलाच सीन आहे. आता वर्कशॉपचे सगळे सीन सलग लावून परत बघते. पाणकोंबडी, लिंक व्यनि केलीये, बघून झालं की इथेच लिही, आणि भांडायला अजिबात संकोच करू नकोस.